ललिता पवार : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आमच्या घरात एखाद्या सुनेला जरा तिरकस बोललं की समोरून लगेच यायचं, "झाली का ललिता पवार सुरू?" बोलणाऱ्यांपैकी निम्म्यांनी त्यांचा एकही सिनेमा नीट पाहिलेला नसायचा. नाव मात्र म्हणीसारखं तोंडात बसलेलं. पडद्यावरच्या खाष्ट सासूसाठी ओळखल्या गेलेल्या या अभिनेत्रीबद्दल लोक जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, ते इथे एकत्र केले आहेत. काहींची उत्तरं दोन ओळींची आहेत, काहींची लांबली आहेत.

ललिता पवार हे त्यांचं खरं नाव का?

नाही. जन्मनाव अंबा, वडील लक्ष्मणराव सगुण. 'ललिता' हे पडद्यावरचं नाव, आणि 'पवार' हे पहिले पती, दिग्दर्शक गणपतराव पवार यांचं आडनाव. पुढे त्यांनी निर्माते राजप्रकाश गुप्ता यांच्याशी दुसरं लग्न केलं, पण तोवर लोकांच्या तोंडी ललिता पवार बसलं होतं आणि तेच राहिलं. 'अंबा' मात्र हरवलं नाही. गुप्तांच्या स्टुडिओचं नाव अंबिका होतं.

त्या मराठी होत्या? कुठल्या?

नाशिक जिल्ह्यातल्या येवल्याच्या. जन्म १८ एप्रिल १९१६. येवला म्हटलं की आपल्याला पैठणी आठवते, आणि वडिलांचा व्यापारही रेशमी-सुती कापडाचाच. घर खाऊनपिऊन सुखी होतं, पण त्या काळच्या रीतीप्रमाणे मुलीला शाळा मिळाली नाही. पुढे हीच बाई पडद्यावर श्रीमंत, शिकलेल्या, हुकूम सोडणाऱ्या मालकिणी इतक्या सहज उभ्या करायची, की शाळेचं तोंड न पाहिल्याची गोष्ट कुणाला खरी वाटू नये.

सिनेमात आल्या कशा?

वडिलांबरोबर पुण्याला गेल्या असताना शूटिंग बघायला गेल्या आणि तिथेच काम मिळालं, असं सांगतात. पगार म्हणे महिना अठरा रुपये. 'राजा हरिश्चंद्र' (१९२८) आणि त्याच सुमाराचा 'पतितोद्धार' हे अगदी सुरुवातीचे सिनेमे. दोन्ही मूकपट. म्हणजे फाळक्यांच्या पहिल्या चित्रपटाला जेमतेम पंधरा वर्षं झाली होती, आणि भारतातला बोलपट अजून तीन वर्षं दूर होता.

हे मुद्दाम लक्षात ठेवावं. मूकपटात नटाजवळ आवाज नसतो. राग, लाज, कपट, माया, सगळं डोळे, भुवया, मान आणि हात यांनीच बोलायचं. बाईंची शाळा झाली ती इथे.

त्या कधी नायिका होत्या, हे खरं आहे का?

अगदी खरं, आणि थोड्याथोडक्या दिवसांच्या नव्हे. तिशीच्या दशकात त्या नायिकाच होत्या. स्टंटपटांतून कामं केली, पौराणिक केले, सामाजिक केले. 'हिम्मत-ए-मर्दां' (१९३५) हा त्या काळातला नावाजलेला. त्या काळच्या रिवाजाप्रमाणे स्वतःची गाणी स्वतः म्हणत.

शिवाय निर्मितीतही हात घातला. 'कैलास' (१९३२) या मूकपटाच्या त्या सहनिर्मात्या होत्या, तेव्हा वय सोळा. 'दुनिया क्या है' (१९३७) हा बोलपटही त्यांच्याच निर्मितीचा, टॉलस्टॉयच्या 'रेसरेक्शन' कादंबरीवर बेतलेला. शाळेत न गेलेली येवल्याची मुलगी एकविसाव्या वर्षी टॉलस्टॉय पडद्यावर आणते, हे वाक्य त्यांच्या डोळ्याला झालेल्या अपघाताच्या गोष्टीइतकं फिरायला हवं होतं. फिरत नाही.

'अमृत' (१९४१) मध्येही त्या होत्या. कथा वि. स. खांडेकरांची, दिग्दर्शन मास्टर विनायकांचं. थोडक्यात, १९४२ उजाडलं तेव्हा त्यांच्यामागे चौदा वर्षांचं काम होतं आणि वय होतं सव्वीस.

डोळ्याला नेमकं काय झालं होतं?

सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच.

१९४२ साली 'जंग-ए-आझादी' या सिनेमाच्या शूटिंगमध्ये सहकलाकाराने त्यांच्या थोबाडीत मारण्याचा प्रसंग होता. तो सहकलाकार म्हणजे मास्टर भगवान, पुढचे आपले भगवानदादा. थप्पड खरोखरीची बसली आणि फार जोरात बसली. डाव्या डोळ्याची शीर फुटली, चेहऱ्याच्या एका बाजूला लकवा झाला. उपचार लांबले. चेहरा बराच सुधारला, पण डावा डोळा कायमचा बारीक राहिला.

भगवानदादांनी मुद्दाम मारलं होतं का?

नाही. तो अपघात होता. भगवानदादांना कुस्तीचा नाद, हात भारी, आणि तेव्हा ते अजून मोठं नाव झालेले नव्हते. त्यांना मोठं करणाऱ्या 'अलबेला' सिनेमाला अजून नऊ वर्षं होती. आज मारामारीच्या प्रसंगाला फाइट मास्टर असतो, कॅमेऱ्याचा कोन असा धरतात की हात गालापासून वीतभर लांबून गेला तरी बसल्यासारखा वाटतो, आवाज नंतर भरतात. तेव्हा बऱ्याच जागी "मार, पण सांभाळून" एवढ्यावरच भागत असे.

युट्यूबवर या घटनेचे 'एका थपडेने करिअर संपवलं' छापाचे व्हिडिओ ढिगाने आहेत. करिअर संपलं नाही. पुढे पन्नासहून अधिक वर्षं चाललं.

मग तीन वर्षं त्या घरीच होत्या?

उपचार तीन वर्षं चालले असं सगळीकडे छापलेलं असतं. पण प्रभातचा 'रामशास्त्री' १९४४ चा आहे, आणि त्यात आनंदीबाईंच्या भूमिकेत ललिता पवार आहेत. म्हणजे उपचार चालू असोत वा नसोत, बाई अपघातानंतर दोन वर्षांच्या आत कॅमेऱ्यासमोर उभ्या होत्या.

आणि भूमिका कोणती, तर 'ध'चा 'मा' करणारी आनंदीबाई! मराठी माणसाला याहून ओळखीची खलनायिका सापडायची नाही. समोर रामशास्त्री प्रभुणे म्हणून गजानन जागीरदार. 'ललिता पवार खलनायिका कधी झाल्या' याची तारीख शोधायची तर मी बोट इथे ठेवीन. हिंदीतल्या सासवा नंतरच्या.

बारीक झालेल्या डोळ्यामुळेच त्यांना वाईट बायकांच्या भूमिका मिळाल्या ना?

सुरुवातीला, हो. त्या काळच्या सिनेमात नायिकेचा चेहरा निर्दोषच लागायचा. सव्विसाव्या वर्षी तो दरवाजा बंद झाला. उरल्या त्या चरित्र भूमिका : आई, सासू, आत्या, मोलकरीण, घरमालकीण.

पण मिळालेली भूमिका पन्नास वर्षं टिकवणं ही डोळ्याची करामत नव्हे. ज्या अवजारावर मूकपटात हात बसला होता, तेच अर्धं निकामी झालं होतं. मग बाईंनी काय केलं, हे त्यांचे १९४२ आधीचे फोटो आणि नंतरचे सिनेमे शेजारी ठेवून बघण्यासारखं आहे. समोरच्याकडे सरळ न बघता मान किंचित वळवून बघायचं. उजवी भुवई एकटीच वर न्यायची. वाक्याच्या मध्ये थांबायचं, आणि तो बारीक डोळा आणखी बारीक करून मग उरलेलं वाक्य टाकायचं. आवाज खाली आणून, शब्द चावून. व्यंग लपवण्याची धडपड कुठेच नाही, उलट कॅमेऱ्याला ते खुशाल दाखवलं. प्रेक्षकाला वाटायचं, ही बाई काहीतरी शिजवतेय.

एवढ्या लवकर आईच्या, सासूच्या भूमिका? वय काय होतं?

हा हिशेब करून बघाच, गंमत वाटते आणि वाईटही वाटतं. 'दाग' (१९५२) मध्ये त्या दिलीपकुमारच्या आई आहेत. दिलीपकुमारचा जन्म डिसेंबर १९२२ चा, म्हणजे आई मुलापेक्षा साडेसहा वर्षांनी मोठी. 'हम दोनो' (१९६१) मध्ये देव आनंदच्या आई, तिथलं अंतर सात वर्षांचं. नायक चाळिशीतही कॉलेजात जात आणि त्यांच्या बरोबरीच्या बाया पांढरा विग चढवून त्यांना आशीर्वाद देत. हा रिवाज अजून पुरता मोडलेला नाही.

शांतारामबापूंच्या 'दहेज' (१९५०) मध्ये हुंड्यासाठी सुनेला छळणारी सासू त्यांनी केली तेव्हा त्या चौतीस वर्षांच्या होत्या. घराघरातली 'ललिता पवार' जन्मली ती साधारण या सुमारास. तेव्हा हुंडा घेणं हा कायद्याने गुन्हाही नव्हता, तो कायदा १९६१ चा. म्हणजे पडद्यावरच्या त्या सासूला पाहून चिडलेल्या बऱ्याच बायका घरी परत जात होत्या त्या तशाच सासूकडे.

त्यांनी फक्त दुष्ट बायकाच केल्या का?

हा समज मोडायचा तर 'अनाडी' (१९५९) पुरे. हृषीकेश मुखर्जींचा सिनेमा, राज कपूर आणि नूतन. ललिताबाई मिसेस डिसा, राजची ख्रिस्ती घरमालकीण. फ्रॉक घातलेली, मुंबईच्या ख्रिस्ती वळणाचं हिंदी बोलणारी, सदा करवादलेली. भाड्यावरून तोंड सोडते आणि त्याच तोंडाने जेवलास का विचारते. फणसासारखी बाई, वरून काटे. मग ती आजारी पडते, औषध घेते, आणि त्या भेसळीच्या औषधानेच मरते. खुनाचा आळ येतो राजवर, आणि औषध असतं नायिकेच्या धनाढ्य काकाच्या कंपनीचं. अख्ख्या सिनेमाची नैतिक बाजू या सहायक भूमिकेच्या मरणावर उभी आहे. मिसेस डिसा आपल्याला मनापासून आवडली नाही, तर शेवटचा खटला कोरडा वाटला असता.

नंतर 'आनंद' (१९७१) मध्ये हृषीदांनी त्यांना पुन्हा बोलावलं. इस्पितळातली कडक मेट्रन, आणि तिचंही नाव डिसाच. राजेश खन्नाचा आनंद तिला छेडतो, ती रागावते, आणि रागावता रागावता विरघळते. मला तर वाटतं, हृषीदांनी 'अनाडी'तल्या म्हातारीला जिवंत करून नोकरीला लावलं.

'श्री ४२०' मधली केळेवाली त्याच का?

त्याच. गंगामाई. फुटपाथवर केळी विकणारी, भावावरून राज कपूरशी हुज्जत घालणारी, आणि त्याला पोरासारखं मानणारी. शंभर रुपयांत घर मिळण्याच्या थापेला भुलतात ती तिच्यासारखीच फुटपाथवरची माणसं. छोटी भूमिका, पण मुंबईत नव्याने आलेल्याला शहर पहिल्यांदा जवळ करतं ते तिच्या रूपाने.

'मिस्टर अँड मिसेस ५५' मधल्या त्यांच्या भूमिकेवर टीका का होते?

कारण सिनेमाच तिच्या विरोधात आहे. सीतादेवी ही स्त्रियांच्या हक्कांसाठी भांडणारी, घटस्फोटाच्या कायद्याची बाजू घेणारी बाई, मधुबालाची आत्या. वारसा हाती यावा म्हणून भाचीचं खोटं लग्न एका बेकार व्यंगचित्रकाराशी, म्हणजे गुरुदत्तशी, लावून देते. पुढे घटस्फोट घ्यायचा हे आधीच ठरलेलं. हिंदू विवाह कायदा आला त्याच १९५५ सालचा हा सिनेमा, आणि पटकथेला सीतादेवी हास्यास्पद ठरवायचीच आहे.

"तुम कम्युनिस्ट हो?" "जी नहीं, कार्टूनिस्ट हूँ." हा प्रसिद्ध संवाद याच दोघांमधला. हशा गुरुदत्तच्या वाक्याला येतो. पण तो येतो कारण बाईंनी आधीचा प्रश्न पोलीस अधिकाऱ्याच्या गांभीर्याने विचारलेला असतो. विनोदात चेंडू टाकणाऱ्याचं नाव कुणी घेत नाही.

आज बघताना माझी सहानुभूती सीतादेवीकडे जाते. ती जे मागते आहे त्यातलं बहुतेक पुढे कायद्यानेच दिलं. लेखकाला ती व्यंगचित्र हवी होती, बाईंनी तिला ताठ कणा दिला.

विनोदी भूमिकाही केल्या?

'जंगली' (१९६१) आणि 'प्रोफेसर' (१९६२), दोन्ही शम्मी कपूरचे. 'जंगली'त त्या अशा घराण्याच्या मालकीण की जिथे हसायला बंदी. शम्मीचं ते "याहू" कुणाच्या शिस्तीतून सुटून फुटतं? यांच्याच. झाकण घट्ट नसेल तर उकळी दिसत नाही.

'प्रोफेसर'मध्ये शम्मी म्हाताऱ्या शिक्षकाचं सोंग घेऊन घरात शिरतो आणि घरातली कडक, प्रौढ पालक बाई त्या म्हाताऱ्याच्या प्रेमात पडते. ही बाई म्हणजे ललिताबाई. लाजणं, नटणं, चोरून बघणं, सगळं त्यांनी केलंय. हसून हसून पुरेवाट होते, पण मध्येच एखाद्या क्षणी चर्र होतं, कारण बाई खरोखरच प्रेमात पडलेली असते आणि समोरचं सोंग असतं. टिंगलीची भूमिका टिंगलीवर संपू द्यायची नाही, ही त्यांची खोडच.

जाता जाता : 'मिस्टर अँड मिसेस ५५' आणि 'प्रोफेसर', दोन्हीत त्यांचं नाव सीतादेवी आणि दोन्ही नायकांचं नाव प्रीतम. योगायोगच, पण प्रश्नमंजूषेला बरा.

पुरस्कार कोणते मिळाले?

'अनाडी'साठी फिल्मफेअरचा उत्कृष्ट सहायक अभिनेत्री पुरस्कार, १९६० च्या सोहळ्यात. १९६१ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार. फिल्मफेअरच्या या सहायक अभिनेत्री पुरस्काराची सुरुवातच मराठी नावाने झाली होती : पहिला उषा किरण यांना 'बादबान'साठी, १९५९ चा नलिनी जयवंत यांना 'काला पानी'साठी, आणि लगेच पुढचा ललिताबाईंना.

मंथरा किती वयाच्या असताना केली?

सत्तरीत. रामानंद सागरांची 'रामायण' मालिका २५ जानेवारी १९८७ ला दूरदर्शनवर सुरू झाली. शूटिंग उमरगावला, म्हणजे महाराष्ट्राची वेस ओलांडली की लगेच. सागरांना बाई नव्या नव्हत्या, 'आँखें' (१९६८) या त्यांच्याच सिनेमात त्यांनी काम केलं होतं.

त्या अयोध्येत मराठी माणसंही होती. दशरथ बाळ धुरी, कौसल्या जयश्री गडकर, खऱ्या आयुष्यातही हे पतिपत्नी. आणि त्या घरात काडी लावायला येवल्याच्या ललिताबाई. कैकेयी झालेल्या पद्मा खन्नाच्या कानाशी लागून त्या बोलतात तेव्हा आवाज फारसा चढतच नाही. भल्याचं सांगतेय असाच सूर. भावकीत भांडणं लावणारी माणसं असंच बोलतात, ओरडत नाहीत.

२०२० च्या लॉकडाउनमध्ये मालिका पुन्हा लागली तेव्हा माझ्या भाच्याने तिला पहिल्यांदा पाहिलं आणि विचारलं, "ही आजी खरंच अशी होती का?" एका नटीला याहून मोठी पावती काय द्यायची! तेव्हा त्यांना जाऊन बावीस वर्षं झाली होती.

एकूण सिनेमे किती?

सातशेहून जास्त, असा आकडा सगळीकडे छापलेला दिसतो. मूकपटांच्या काळातल्या बहुतेक रिळी नष्ट झाल्यामुळे असे आकडे मोजून दाखवता येत नाहीत. कारकिर्दीची लांबी मात्र पक्की आहे : १९२८ पासून नव्वदीच्या दशकापर्यंत. मूकपट, बोलपट, रंगीत सिनेमा आणि टीव्ही मालिका, सगळं एकाच बाईने केलं.

मराठीत कमी काम केलं का?

हिंदीच्या मानाने कमी, पण 'रामशास्त्री' आणि शांतारामांचा 'अमर भूपाळी' (१९५१) नावं घ्यावीत असे आहेत. त्यांच्या पिढीतल्या मराठी नट्यांना मराठी आणि हिंदी अशी वेगळी घरं नव्हती. एकच सिनेमा दोन्ही भाषांत निघत असे, दुर्गाबाई खोटे, शांता आपटे, सगळ्या दोन्हीकडे वावरत. ललिताबाईंच्या हिंदीत मराठी वळण सहसा ऐकू येत नाही, हेही त्या काळच्या मराठी नटांत सगळ्यांना जमलेलं नव्हतं.

शेवटचे दिवस कसे गेले?

पुण्यात, औंधला. कर्करोग झाला होता. २४ फेब्रुवारी १९९८ ला राहत्या घरी गेल्या. पती इस्पितळात होते, घरात दुसरं कुणी नव्हतं, त्यामुळे मृत्यू लगेच कळलाही नाही. बातम्यांनी या एकटेपणाला 'नियतीचा न्याय' छापाची फोडणी दिली होती. पडद्यावरची सासू आणि पडद्यामागची बाई यांची गल्लत इथेही सुटली नाही. त्यांनी कुणाला छळलं नव्हतं. त्या कामाला जात होत्या.

एकही सिनेमा पाहिलेला नाही. सुरुवात कुठून करू?

'अनाडी'पासून. मग 'प्रोफेसर', आणि ज्यांना जुना मराठी सिनेमा जड वाटत नाही त्यांनी 'रामशास्त्री'. 'दहेज' शेवटी ठेवा, तो पाहिल्यावर दोन दिवस कुठल्याच सासूशी बोलावंसं वाटत नाही. 'आनंद' तुम्ही बहुतेक पाहिलेलाच असेल. तो पुन्हा लावा आणि या वेळी अमिताभ-राजेशकडे न बघता मेट्रन खोलीत आली की तिच्याकडे बघा. ती आधी उजवी भुवई उचलते.